समोरून येणारी गाडी

हिंमतराव गुरुजींनी एकतीस वर्षं पोरांना गणित शिकवलं, आणि त्यातही वेळ-वेग-अंतर म्हणजे त्यांच्या हातचा मळ. निवृत्त झाले तरी खोड गेली नव्हती. दुसरबीडहून कुणी कुठे निघालं की हे न विचारताच त्याला पोहोचायची वेळ सांगून मोकळे होत.

त्या दुपारी घरामागच्या वावरात सोयाबीनचं मळणीयंत्र सुरू झालं आणि धुरळ्याने त्यांच्या बायकोचा, अन्नपूर्णाबाईंचा दमा उफाळला. पंप तीनदा ओढूनही उतार पडेना. कोरोनात घेतलेलं बोटाला लावायचं मशीन आधी सत्त्याऐंशी दाखवत होतं, मग पंच्याऐंशी. मेहकरच्या एका दवाखान्याने ऑक्सिजनची गाडी निघाल्याचं सांगितलं आणि ड्रायव्हर मुजम्मिलचा नंबर दिला.

बाई धापा टाकत होत्या आणि गुरुजींच्या डोक्यात फळा उघडला. अंतर चाळीस किलोमीटर. ती गाडी सत्तरच्या वेगाने येणार. आपण शेजारच्या आसिमची कार काढून पन्नासने समोरून गेलो, तर वेगांची बेरीज एकशे वीस. वीस मिनिटांत भेट.

"मुजम्मिल, आम्ही समोरून येऊन राह्यलो," ते फोनवर म्हणाले.

"या ना काका, निघालोच मी."

आसिम त्यांचाच जुना विद्यार्थी. त्याने गाडी दामटली. मागच्या सीटवर गुरुजी बायकोला टेकवून बसले होते, नजर मात्र घड्याळावर. दहा मिनिटं झाली. मशीन त्र्याऐंशी म्हणालं. पंधरा झाली. बाईंचे ओठ काळवंडू लागले. त्या काहीतरी बोलू पाहत होत्या.

"बोलू नको. पाचच मिनिटं राह्यली," गुरुजी म्हणाले.

विसाव्या मिनिटाला समोरून उसाचा ट्रॅक्टर आला. मग एक एसटी. मग रस्ता मोकळा, लांबपर्यंत मोकळा. आसिमने वेग कमी करून आरशात गुरुजींकडे पाहिलं. गुरुजींनी फोन लावला. दोनदा लागला नाही.

तिसऱ्यांदा मुजम्मिलने उचलला. "काका, मी तं समृद्धीनं येऊन राह्यलो. पाच मिनिटांत दुसरबीडच्या टोलावर उतरतो. तुम्ही कुठं हायेत?"

गुरुजींनी खिडकीबाहेर पाहिलं. महामार्ग तिकडे, जुना रस्ता इकडे, मधे शेतं. दोन्ही गाड्या कधीच एकमेकींना ओलांडून गेल्या होत्या. पुस्तकातल्या गणितात रस्ता एकच असतो. एकतीस वर्षांत एकाही पोराने विचारलं नव्हतं की कोणता रस्ता, आणि गुरुजींनाही ते कधी सुचलं नव्हतं.

"काय करू, गुरुजी? मेहकरले जाऊ का मांगं फिरू?" आसिमने विचारलं.

मेहकर अजून तेवीस किलोमीटर, म्हणजे अठ्ठावीस मिनिटं. मागे फिरलं आणि ती गाडी याच रस्त्याने आली, तर बारा. हिशेब सरळ होता, पण आता स्वतःच्या हिशेबावर जीव टाकायची त्यांना भीती वाटत होती. आणि जीव त्यांचा नव्हताच.

"फिरव," ते म्हणाले. मग फोनवर, "मुजम्मिल, टोलावरून उतर अन् जुन्या रोडनं ये. कोणत्या रोडनं येशील? सांग मले."

"जुन्या रोडनं, काका."

"पुन्हा सांग."

"जुन्या रोडनं."

परतीच्या वाटेवर त्यांनी घड्याळ पाहिलंच नाही. बायकोच्या तोंडाकडे पाहत राहिले. एक श्वास आत गेला की पुढचा जाईपर्यंत त्यांचाही अडकायचा. सायरन ऐकू आला तेव्हा आसिमनेच गाडी बाजूला घेतली. रस्त्याच्या कडेलाच मास्क लागला. आकडा आधी एकोणऐंशीला घसरला, तिथेच रेंगाळला, मग मुंगीच्या पावलाने चढत नव्वदवर गेला.

मुजम्मिल कपाळ पुसत सहज बोलून गेला, "घरीच थांबले असते काका, तं पंचवीस मिनिटांत दारात होतो मी."

पंचवीस. इथे बत्तीस झाली होती. ती वजाबाकी गुरुजींनी करायची नाही म्हटलं तरी झालीच.

संध्याकाळी दवाखान्यात अन्नपूर्णाबाईंना धड बोलता येऊ लागलं, तेव्हा त्यांनी सगळ्यात आधी नर्सला धरलं. "आमच्या यायनं हिशेब केला म्हणून वाचले मी. लय हुशार हायेत."

नर्स हसून गेली. गुरुजी स्टुलावर खाली मान घालून बसले होते.

"हिशेब चुकला होता," ते म्हणाले. "सात मिनिटं जास्त लागली तुले. माह्यामुळं."

"माहीत हाये मले."

त्यांनी वर पाहिलं. "कसं?"

"चाळीस वर्षांत गाडीत बसल्यावर तुमची नजर घड्याळावरून हललेली मी पाह्यली नाही," बाई डोळे मिटत म्हणाल्या. "आज माह्याकडं पाहून राह्यले होते. तवाच समजलं, काहीतरी लय चुकलं."