पाव आट्याची लबाडी

“अगं, हसणं आवर! सांडलेल्या हसण्यावरून पाय घसरून पडेल कुणी!”

हा माझ्या आत्याचा आवाज. तो ऐकून पंचेचाळीस वर्षं झाली असतील. तेव्हा मी कशालाही हसायची. पाहुण्याला उचकी लागली तरी हसायची, भिंतीवरची पाल पडली तरी हसायची, आत्या रागावली की तिच्या रागालाच हसायची. पुढे लग्न झालं, शिवणयंत्र आलं, नवऱ्याचं आजारपण आलं, मग तोही गेला, आणि हसणं कुठल्या कपाटात घडी घालून ठेवलं ते माझं मलाच आठवेना. ते सापडलं या वर्षी, छप्पन्नाव्या वर्षी, घरासमोरच्या तीन फूट खोल चरात.

झालं असं, की आमच्या नळाची धार आटत आटत दोऱ्याएवढी झाली. रंग फिक्या चहाचा. वन्सं म्हणजे माझ्या नवऱ्याची बहीण, आम्ही दोघीच राहतो. त्या म्हणायच्या, “एक तांब्या भरेपर्यंत माझं अख्खं बालपण सांगून होतं, वहिनी. आता सांगायला काही उरलं नाही. मिस्त्रीला बोलव.”

मिस्त्री आले. गल्लीत त्यांना ओळंबा म्हणतात, कारण चालणं सरळ, बोलणं सरळ, आणि त्यांनी खणलेला चर तर दोरी लावून आखल्यासारखा. बायको जाऊन नऊ वर्षं झालेली, मुलगी लांब. त्यांनी रस्त्यावरच्या मीटरपाशी जुन्या लोखंडी नळीचा वीतभर तुकडा कापला आणि माझ्या डोळ्यांपुढे दुर्बिणीसारखा धरला.

“बघा ताई. काय दिसतं?”

“काहीच नाही.”

“तेच. आतून गंजाचं मांस चढलंय. पेन्सिल जाईल कशीबशी. दुरुस्ती नको, नवीनच टाकू.”

दुसऱ्या दिवशी ते तीन नळ्यांचे तीन तुकडे घेऊन आले आणि ते त्यांनी माझ्या कापायच्या टेबलावर, कुणाच्या तरी अर्ध्या फ्रॉकवर, ओळीनं मांडले.

“ही लोखंडी. मजबूत, पण तुमच्या मातीत पंधरा वर्षांत पुन्हा हेच रडगाणं. ही पांढरी, प्लास्टिकची. स्वस्त, पण दर वीस फुटांना जोड. जोड म्हणजे जमिनीखाली ठेवलेली काळजी. झाडाची मुळं नेमकी तिथेच नाक खुपसतात. आणि ही.” तिसरा तुकडा काळा होता, अंगावर निळ्या रेघा. “ही वेटोळ्यात येते. मीटरपासून घरापर्यंत अखंड. मध्ये एकही जोड नाही.”

“म्हणजे धाग्याला मध्ये गाठ नाही,” मी म्हटलं.

त्यांनी माझ्याकडे जरा थांबून पाहिलं. “तीस वर्षं लोकांना समजावतोय. एका वाक्यात कुणाला सांगता आलं नव्हतं मला.”

मी हसले. इतक्या साध्या गोष्टीला! स्वयंपाकघरातून वन्संनी मान बाहेर काढून पाहिलं, भांडं पडलं की काय म्हणून.

मग जाडीवरून वाद झाला. मी म्हटलं पाऊण इंची पुरे, दोघीच तर आहोत. ते म्हणाले एक इंची घ्या, घर मोठं आहे, माणसं वाढली तर? “छप्पन्नाव्या वर्षी कुठून वाढणार?” वन्सं आतून ओरडल्या. मिस्त्री कानापर्यंत लाल झाले. एक इंची ठरली.

अंतर मी माझ्या शिवणाच्या टेपनं मोजलं, तो दीड मीटरचा, म्हणून बारा वेळा. अठरा मीटर. खणणारे दोघे भाऊ एका दिवसात चर खणून गेले आणि मिस्त्रींनी तळाशी वाळूची गादी अंथरली. दगड नळीला टोचू नये म्हणून ती हातानं चाळून टाकली, बाळाच्या दुपट्यासारखी.

आणि मग ते वेटोळं. दोन दिवस त्यांनी ते उन्हात ठेवलं, मऊ व्हावं म्हणून. “गुंडाळलेल्या नळीला गुंडाळून राहायची सवय लागते,” ते म्हणाले. मी दोरी कापली मात्र, नळीनं अशी उसळी घेतली की त्यांची टोपी जास्वंदीवर, माझा चष्मा वाळूत, आणि एक भलंमोठं कडं येऊन आम्हा दोघांच्या कमरेभोवती पडलं. वन्सं दारात उभ्या. मग मिस्त्री हसले. ओळंब्यासारखा माणूस असा डोलून हसतो हे मला माहीत नव्हतं. ते हसले म्हणून मी हसले, मी हसले म्हणून ते पुन्हा. शेवटी एका टोकावर ते उभे, दुसऱ्या टोकावर मी, मध्ये वन्सं स्टूल घेऊन नळीवर बसलेल्या, अशी ती सरळ झाली.

“काय वरात आहे!” वन्सं म्हणाल्या. “आणि मी मधोमध!”

त्या दिवसापासून दोन गोष्टी घडल्या. वन्संनीच त्या माझ्या पदरात घातल्या. पहिली: “तो तुला आता ताई म्हणत नाही. लक्षात आलं का? काहीच म्हणत नाही. नुसता घसा खाकरतो.” दुसरी: “आणि तू आधी ‘अहो मिस्त्री’ म्हणायचीस. आता नुसतं ‘अहो’. मिस्त्री कुठे सांडला?”

मी शिवणयंत्र जोरात चालवलं. पण यंत्राच्या चाकाबरोबर मनात ओवी फिरायला लागली, आपोआप, कुणी न शिकवता:

*खणिला गं चर, दारापासून रस्त्यापाशी*
*कुणी विचारा पाण्याला, जीव अडला कोणापाशी*

आता राहिली होती शेवटची पायरी. मिस्त्रींचा एक नियम होता आणि त्या नियमावर त्यांची तीस वर्षं उभी होती. नळी पाण्यानं भरायची, हातपंपानं दाब चढवायचा, आणि पंपावरच्या दाब दाखवणाऱ्या घड्याळाचा काटा तासभर हलला नाही तरच चर बुजवायचा. त्यांनी बसवलेला एकही जोड कधी गळला नव्हता. गल्ली त्या नियमावर घड्याळ लावायची. आणि मला एवढंच कळत होतं, की काटा तासभर थांबला की माती पडणार, आणि माती पडली की ते जाणार. नळ दुरुस्त असलेल्या घरी प्लंबर कशाला येईल?

पहिल्या दिवशी पंप रस्त्याच्या टोकाला, तिथे ते. घराच्या टोकाला, स्वयंपाकघराच्या भिंतीपाशी मी, जोडावर थेंब येतो का बघायला. वीस मिनिटांत त्यांनी आवाज दिला, “काटा उतरतोय!”

माझा जीव हरखला. हरखायला नको होता.

“काही नाही, नवी नळी आहे,” ते चालत येऊन म्हणाले. “पहिल्यांदा दाब भरला की जराशी फुगते. बाळसं धरते म्हणा ना. उद्या परत करू.”

उद्या परत! रात्रभर मी त्या नळीच्या बाळशाला दृष्ट लागू नये म्हणत होते.

पण नळी शहाणी. दुसऱ्या दिवशी फुगायचं होतं तेवढी फुगून बसलेली. काटा ढिम्म. पस्तीस मिनिटं झाली, चाळीस झाली. माझ्यापाशी, नळीच्या बंद टोकावर, हवा काढायचा एक बारीक नट होता. शिवणयंत्रावर दोऱ्याचा ताण कमीजास्त करायचा स्क्रू असतो तसाच, तेवढाच. तो स्क्रू पाव आटा, पाव फेराच, फिरवणं म्हणजे माझ्या बोटांचं उभ्या जन्माचं काम. मी बोटांना विचारलंही नाही. ती गेली, फिरली. माझ्या तळहातावर चमचाभर गार पाणी आलं. मी ते तुळशीला घालावं तितक्याच निरागसपणे जास्वंदीला घातलं आणि नट पुन्हा घट्ट केला.

“काटा पडला!” रस्त्यावरून हाक.

ते धावत आले. जोड पुसला, साबणाचा फेस लावला, गुडघ्यावर बसून कान लावला. कोरडा ठणठणीत. “अजब आहे,” ते म्हणाले. मी पदर तोंडात कोंबून उभी. हसू असं उसळत होतं की मला वाटलं माझाच काटा पडेल. त्यांनी दोन्ही टोकांचे जोड उकलले, नवे घातले. संध्याकाळ झाली. उद्या परत.

तिसऱ्या दिवशी मी हात बांधून बसायचं ठरवलं होतं. देवाशपथ ठरवलं होतं. पंचावन्न मिनिटांपर्यंत हात बांधलेलेही होते.

छप्पन्नाव्या मिनिटाला खिडकीतून आवाज आला. “वहिनी, तुझा हात कुठे आहे?”

मी दचकून वर पाहिलं. वन्सं लसूण सोलत उभ्या होत्या.

“काही नाही, वन्सं… डास होता.”

“हं. नटावर बसला होता?” त्यांनी एक पाकळी सोलली. “माझा भाऊ जाऊन अकरा वर्षं झाली. मी त्याची बहीण आहे, तुझ्यावरची पहारेकरीण नाही. पण ऐक. कालपासून तो माणूस जेवलेला नाही. मी डबा पुढे केला तर म्हणाला, घास उतरत नाही. तुला चार दिवस हवेत म्हणून तू त्याची तीस वर्षं सांडतेयस, थेंब थेंब.”

“काटा पडला,” रस्त्यावरून आलं. या वेळी हाक नव्हती, नुसतं सांगणं होतं.

मी चराच्या कडेनं पाहिलं. ते धावत आले नाहीत. जोड तपासला नाही. ते मीटरच्या झाकणावर बसले आणि अवजारं एकेक पुसून फडक्यात गुंडाळू लागले. पाना, करवत, फेसाची बाटली. मग त्यांनी फोन काढला.

“कोणाला फोन?” मी ओरडले.

“माझा जुना चेला आहे, पलीकडच्या वस्तीत दुकान टाकलंय त्यानं.” आवाज सरळच होता, पण त्यात माती मिसळलेली. “तो येईल, सगळी नळी काढून नवी टाकेल. माझ्या हाताला आता कळत नाही. गळती आहे आणि मला दिसत नाही. ज्याला गळती दिसत नाही त्यानं पाना हातात धरू नये. इथून पुढे मी काम घेणार नाही.”

हसू कसं थांबतं ते मी त्या क्षणी पाहिलं. तोटी बंद केल्यासारखं.

“अहो, थांबा!”

त्यांनी फोन कानाला लावला.

माझ्या बाजूच्या काठावर उकरलेल्या मातीचे ढीग, आणि चर ओलांडायला फळी होती, पण ती पार कोपऱ्यात. मी साडी खोचली आणि सरळ चरात उडी मारली. छप्पन्न वर्षांची बाई, तीन फुटांच्या चरात! नळीवर पाय पडू नये म्हणून एक पाय तिच्या या बाजूला, एक त्या बाजूला, बदकासारखी फेंगडी चालत, घसरत, एक चप्पल वाळूत सोडून, अठरा मीटर. मागून वन्सं ओरडत होत्या, “वाळूची गादी मोडेल! अगं, जा लवकर! अगं, हळू!” शेजारच्या गच्चीवर कुणीतरी कपडे वाळत घालायचं थांबलं. मध्यावर मला पुन्हा हसू फुटलं, भीती वाटत असूनही फुटलं, आणि त्या हसण्यातच डोळे वाहायला लागले, त्यामुळे पुढचं नीट दिसेना.

मी त्यांच्यापाशी पोचले तेव्हा कमरेपर्यंत जमिनीत होते. माझं डोकं त्यांच्या गुडघ्यांच्या पातळीवर. फोनमधून चेल्याचा “हॅलो, हॅलो गुरुजी” असा बारीक आवाज येत होता.

“ठेवा तो,” मी म्हटलं.

त्यांनी फोन ठेवला नाही. पण कानापासून खाली घेतला.

“तुमच्या जोडांना काही झालेलं नाही. नळीलाही नाही. तुमच्या हातालाही नाही.”

“मग काटा कसा पडतो?” ते म्हणाले. रात्रभराची झोप नव्हती त्या आवाजात. “दोनदा पडला. समोर पाहिलंय मी. तुम्ही मला बरं वाटावं म्हणून बोलू नका. मला सगळं सहन होतं, दया नाही.”

“दया कसली डोंबलाची!” मी उजवा हात वर केला. तर्जनीच्या टोकाला नटाची पितळी खूण उमटली होती. “हवेचा नट. पाव आटा सैल केला, चमचाभर पाणी सोडलं, पुन्हा घट्ट केला. काल एकदा, आज एकदा. पाणी जास्वंदीला घातलं. विचारा तिला.”

ते माझ्या बोटाकडे पाहत राहिले. मग अठरा मीटर लांबच्या त्या बारीक नटाकडे. मग पुन्हा बोटाकडे. त्यांच्या खांद्यावरून काहीतरी उतरताना मी पाहिलं, आणि त्याच्या मागोमाग राग चढतानाही पाहिला, आणि तो त्यांचा हक्कच होता.

“का?” ते म्हणाले. “माझ्याशी काय वैर होतं तुमचं? काल रात्रभर मी… का केलंत?”

खिडकीत लसूण सोलणं थांबलं. गच्चीवरच्या बाईनं ओली चादर तशीच हातात धरून ठेवली. मला वाटलं, मातीत आणखी थोडी खाली जावं, वरून कुणीतरी चर बुजवावा. पण तीन फूट खोलीत उभं राहून खोटं बोलायला जागाच नव्हती.

“कारण काटा थांबला की तुम्ही जाणार होतात,” मी म्हटलं, “आणि मला तुम्ही जायला नको आहात. नळासाठी नव्हे. मला तुम्ही हवे आहात.”