सहादूअण्णा गेले तिथला हशा

गोरक्षच्या विनोदी कॅसेटवर ‘भर कार्यक्रमात ध्वनिमुद्रित’ असं छापलं होतं. भर कार्यक्रम म्हणजे द्वारका चौकाजवळची एक खोली, भिंतींना टांगलेल्या गोधड्या आणि आत दोन माणसं, गोरक्ष आणि रेकॉर्डिंगवाला किशोर. हशा किशोरने नंतर कुणाच्या तरी लग्नाच्या टेपमधून काढून जोडला. गोरक्ष जिथे थांबला तिथे हशा, इतकं सरळ काम.

एकाच जागी घोळ झाला. वडिलांच्या, म्हणजे सहादूअण्णांच्या, स्कूटरची गंमत सांगता सांगता गोरक्ष म्हणाला, ‘‘त्याच साली आमचे सहादूअण्णा गेले,’’ आणि डोळे पुसायला थांबला. किशोरने तिथेही हशा टाकला, तोही सगळ्यांत मोठा. हे लक्षात येईपर्यंत कॅसेट चांदवडच्या टपऱ्यांवर वाजायला लागली होती.

लोक कॅसेट पाठ करूनच कार्यक्रमाला यायचे आणि कॅसेटमध्ये हसतात तिथेच हसायचे. अण्णा गेले की मांडव डोक्यावर घ्यायचे. गोरक्षला आधी राग आला, मग सवय झाली. पोटापुढे कुणाचं काय चालतं?

नव्व्याण्णव साली पिंपळगावच्या कार्यक्रमाला त्याची आई निघाली. बायडाबाईने आजवर त्याचा एकही कार्यक्रम पाहिला नव्हता. नवऱ्याच्या मरणावर पाचशे माणसं खिदळताना तिने पुढच्या रांगेत बसून ऐकायचं, हे काही गोरक्षला सोसवेना. त्या दिवशी त्याने ते वाक्य गाळलं आणि स्कूटरवरून थेट म्हशीवर आला. हसायला उघडलेली तोंडं तशीच राहिली. मागून कुणीतरी अण्णांचं सांगा म्हणून ओरडलं, तेव्हा तो उगाच पाणी प्यायला.

परतताना जीपमध्ये त्याने आईला सांगून टाकलं, की लोक हसले असते, म्हणून गाळलं.

‘‘हसू दे ना,’’ ती म्हणाली. ‘‘मला त्यांचं नाव घेता येत नाय. घरात दुसरं कोनी घेत नाय. रोज कॅसेट लावत व्हते, ती बी त्याच जागी झिजली. म्हनून तर आले व्हते.’’

गोरक्षला स्वतःची लाज वाटली. त्याने जीप कडेला घेतली, घसा खाकरला आणि स्कूटरपासून सगळं पुन्हा सांगितलं. ‘‘त्याच साली आमचे सहादूअण्णा गेले,’’ म्हणाला आणि थांबला.

बायडाबाई हसली. कॅसेटमध्ये हसतात तिथेच, आणि तेवढाच वेळ.