डाव्या चाकातला आवाज

मित्रांनो, मी माकणीच्या सोसायटीची जुनी पिकअप गाडी. गोदामामागे विटांवर उभी आहे. माझी चाकं काढून नेली, त्यालाही बरीच वर्षं झाली. इकडे सहसा कोणी फिरकत नाही. तुम्ही आलात, म्हणून सांगते.

बहात्तरच्या दुष्काळात मी खडी केंद्रावर पाणी पोचवत असे. चार मैलांवर शंभरेक माणसं उन्हात खडी फोडत बसलेली असत. माझा ड्रायव्हर व्यंकट. त्याच्या घरी कोणी नव्हतं. वाटेत तो माझ्याशीच बोलायचा.

त्या उन्हाळ्यात माझ्या पुढच्या डाव्या चाकातून आवाज येऊ लागला. खड्ड्यात गेले की खट्! स्टिअरिंगही एका बाजूला ओढायचं. व्यंकटला वाटे, मागचे ड्रम वाजतायत.

पाणी वाटणारी रुद्रम्मा त्याच्या शेजारी बसून यायची. एके दिवशी ती म्हणाली, "व्यंकटदादा, भरलेला ड्रम असा वाजत न्हाय. माझ्या पायाखाली खटखटतंय. थांबा की जरा."

व्यंकट उतरला. टायर आतल्या कडेला पार गुळगुळीत झाला होता. त्याने जॅक लावून चाक उचललं आणि वर-खाली हात धरून हलवलं. दुधाच्या दातासारखं ते डुगडुगलं.

"अक्का, बॉल जॉइंट गेलाय," तो म्हणाला.

बॉल जॉइंट म्हणजे चाकाला वळू देणारा आणि धरूनही ठेवणारा लोखंडी सांधा. तो निखळला की चाक आडवं पडतं.

पुढे ओढ्याचा मोठा उतार होता. पलीकडे माणसं तहानलेली होती. व्यंकट बराच वेळ मडगार्डवर हात ठेवून उभा राहिला. मग म्हणाला, "न्हाय नेत. गाडी उलटली तर पाणी बी जाईल आन् तुमी बी."

रुद्रम्मा तडक केंद्रावर चालत गेली आणि घागरी घेतलेल्या बायकांना घेऊन माघारी आली. पाणी पोचलं, पण दुपार टळल्यावर. तोवर म्हातारी गिरिजाबाई चक्कर येऊन पडली होती. ती वाचली, पण मुकादम हिंमतराव भडकला.

"एवढ्याशा आवाजापायी माणसं मारतो का रं? उद्यापासून येऊ नगंस!"

"गाडी म्याच थांबवायला लावली. मला बोला, मुकादम," रुद्रम्मा म्हणाली. कोणी ऐकलं नाही. व्यंकट खाली मान घालून निघून गेला.

आठ दिवसांनी मच्छिंद्र मिस्त्रीने तो सांधा उघडला. आतली गोळी झिजून अलगद त्याच्या हातात आली. "त्यो उतार उतरला असता, तर चाक गेलंच असतं," तो म्हणाला.

हिंमतरावाच्या कानावर ते गेलं. त्याने व्यंकटला बोलवायला माणूस धाडला, पण खोलीला कुलूप होतं. व्यंकट कुठं गेला, कोणालाच ठाऊक नव्हतं. रुद्रम्मा बरेच दिवस विचारत राहिली. पुढे काम संपलं आणि तीही आपल्या गावी गेली. मी मात्र खत-बियाणं वाहत राहिले, नव्या नव्या हातांखाली.

मित्रांनो, भर उन्हात गाडी बाजूला लावून कोणी चाक हलवून बघताना दिसला, तर उशीर झाला म्हणून त्याच्यावर ओरडू नका. त्याच्याजवळ थोडा वेळ उभे राहा.