समुद्रगायीचं कुरण

आमची सहल आठ तासांची. सकाळी साडेसातला धक्क्यावरून बोट सुटते, चार बेटं करते आणि साडेतीनला परत लागते. पहिल्या बेटावर पक्षी, दुसऱ्यापाशी गॉगल आणि नळी लावून पोहणं, तिसऱ्याच्या वाळूत जेवण, चौथ्याला नुसता वळसा. बोट मी चालवते. माझ्याआधी तीस वर्षं बाबा चालवायचे. त्यांचे गुडघे गेले तेव्हापासून ते धक्क्यावरच्या आमच्या खोलीत तिकिटाच्या खिडकीमागे बसतात. खोली कसली, एक टेबल, एक पंखा, भिंतीला टांगलेली लाइफ जॅकेटं आणि त्यांचा कधीच न जाणारा ओलसर वास.

बोटीवर माझ्याशिवाय एकच माणूस, आचारीकाका. स्वयंपाक, नांगर, दोर, ज्यांना बोट लागते त्यांच्या हातात लिंबू देणं, सगळं त्यांच्याकडे. बोलायचं काम माझं. "डॉल्फिन दिसले नाहीत तर पैसे परत मिळणार नाहीत, पण आमचे काका नाचून दाखवतील," असं मी रोज म्हणते आणि रोज लोक हसतात. काका वीस वर्षांत एकदाही हसलेले नाहीत.

सहलीत न दाखवण्याची एक जागा होती. तिसऱ्या आणि चौथ्या बेटाच्या मध्ये खडकांची एक रांग आहे. तिच्यामागे पाणी उथळ, शांत, आणि तळाशी समुद्री गवत. तिथं एक समुद्रगाय चरायला यायची. माणसाच्या दीडपट लांब, राखाडी, गोल अंगाची. पुढं वल्ह्यांसारखे दोन हात, मागं माशासारखी शेपूट. गवत खायचं, काही मिनिटांनी वर येऊन श्वास घ्यायचा, परत खाली जायचं. कुणाच्या अध्यात ना मध्यात. चार-पाच वर्षांतून एकदा तिच्यासोबत एक वासरू दिसायचं. मी नऊ वर्षांची असताना बाबांनी मला वल्ह्याच्या छोट्या होडीतून तिथं नेलं होतं. येताना म्हणाले, "इथं गिऱ्हाईक आणायचं नाही. एकही नाही." बाबा धंद्याचे नियम एकदाच सांगत. हा त्यांनी दोनदा सांगितला.

मी तो छत्तीस वर्षं पाळला.

त्या दिवशी बोटीवर चौदा माणसं होती. त्यांत एक म्हातारं जोडपं. यजमान छापखान्यात मुद्रितं तपासण्याच्या कामातून निवृत्त झालेले, आणि काकू घड्याळं दुरुस्त करणाऱ्या. चाळीस वर्षं डोळ्याला भिंग लावून बसलेल्या बाई. आता त्यांच्या नजरेच्या बरोबर मधोमध डाग पडला होता. समोर बघितलं की काही नाही, कडेकडेचं तेवढं दिसायचं, आणि तेही सहा-आठ महिन्यांत जाणार असं डॉक्टरांनी सांगितलेलं. हे सगळं काकूंनीच मला पहिल्या दहा मिनिटांत सांगून टाकलं, अगदी बसची वेळ सांगावी तसं.

"म्हणून एक विनंती आहे, ताई," त्या म्हणाल्या. "पळणारं काही दाखवू नका. मी मान वळवून नजर लावेपर्यंत ते निघून गेलेलं असतं."

मी म्हटलं, "काकू, समुद्रात सगळं पळणारंच आहे. बसून राहणारे एकटे आमचे काका."

त्या खळखळून हसल्या. मला त्या तिथंच आवडल्या.

पण दिवस त्यांचा नव्हता. पहिल्या बेटावरचे पक्षी म्हणजे त्यांच्यासाठी आभाळातली धूळ. मग डॉल्फिन आले, चांगले सात-आठ, बोटीच्या नाकापाशी उड्या मारत. सगळे ओरडायला लागले, "तिकडे बघा! नाही नाही, इकडे!" काकूंचे यजमान त्यांचं डोकं दोन्ही हातांत धरून वळवत होते. "अगं, हा बघ. गेला. आता हा बघ." काकू म्हणाल्या, "अहो, मान मोडेल माझी. राहू द्या."

दुसऱ्या बेटापाशी एक म्हातारं कासव हमखास असतं. त्याच्यावर माझी भिस्त होती. मी स्वतः काकूंना जॅकेट चढवलं, गॉगल घट्ट केला, हात धरून पाण्यात उतरवलं. नळीतून श्वास घ्यायला त्या पाच मिनिटांत शिकल्या. कासव मात्र नव्हतं. प्रवाळांवर मासे होते, पिवळे, निळे, पण ते काय एका जागी थांबतात होय? वर आल्यावर मी विचारलं, "काही दिसलं?"

"रंग दिसले," त्या म्हणाल्या. मग माझं तोंड पडलेलं त्यांना जाणवलं असावं. म्हणाल्या, "आणि पाणी छान कोमट आहे हो. आले त्याचं सार्थक झालं."

जेवताना त्या मजेत होत्या. यजमानच गप्प होते. भांडी आवरताना ते माझ्याजवळ आले. "ताई, तुमचा काही दोष नाही. आम्ही परवापर्यंत इथंच आहोत. उद्या पुन्हा एखादी बोट बघू. तिला एक तरी प्राणी नीट दिसावा, एवढंच माझ्या मनात होतं."

परवापर्यंत इथंच आहोत. हे मी या कानांनी ऐकलं. दुसऱ्या दिवशी पहाटे वल्ह्याची होडी काढून मी फक्त त्या दोघांना नेऊ शकले असते. कुणाला कळलंही नसतं. बाबांना विचारलं असतं तर कदाचित तेही हो म्हणाले असते. कासव दिसलं नव्हतं, डॉल्फिन लवकर गेले होते, आणि चौदा माणसं थोडी कंटाळलेली होती. मला वाटलं, आत्ताच. मी बरेच दिवस स्वतःला सांगत होते की हे काकूंसाठी केलं. निम्मं त्यांच्यासाठी होतं. निम्मं मला त्या चौदा तोंडांवरचं आश्चर्य बघायचं होतं. वीस वर्षं तेच विनोद करणाऱ्या बाईला एकदा वाटलं, आज आपण यांना असं काही दाखवू की जन्मभर नाव काढतील.

बोट मी खडकांच्या दिशेनं वळवली, तेव्हा आचारीकाका नांगराच्या दोरावरून उठले. "कुठं चाललीस?"

"पाच मिनिटं, काका."

"बाबांना विचारलंस?"

मी चाक आणखी वळवलं. ते पुन्हा खाली बसले आणि त्यांनी पाठ फिरवली.

इंजिन मी लांबच बंद केलं. बोट हळूहळू वाहत आत गेली. सगळ्यांना गप्प राहायला सांगितलं आणि ते राहिलेही. आणि ती होती. पाठीशी वासरू घेऊन. तळाचं गवत उपटत चालली होती, मागं वाळूचा छोटासा ढग उठत होता, आणि वासरू तिच्या खांद्यावरून तरंगत होतं, जणू कुणी दोऱ्यानं बांधलंय.

काकूंना घेऊन मी शिडीवरून उतरले. बोटीची पिवळी शिडी एका हातानं धरून त्या पाण्यावर पालथ्या पडून राहिल्या. समोर बघायच्याच नाहीत. तोंड एका बाजूला वळवायच्या, डोळ्याच्या कडेतून बघायच्या. समुद्रगायीला कसलीच घाई नव्हती. ती खात होती, आणि काकू बघत होत्या. माझा हात त्यांनी इतका घट्ट धरला होता की नखं रुतली.

वर आल्या तेव्हा गॉगलमध्ये पाणी होतं. ते समुद्राचं नव्हतं.

"दोनशे दहा," त्या म्हणाल्या.

"काय दोनशे दहा?"

"दोनशे दहा सेकंद श्वास धरते ती. मी मोजले. माझी मोजणी चुकत नाही. आणि तिच्या नाकपुड्या पाहिल्यात? झाकण कसं बसतं! इतकं सफाईदार झाकण मी एकाही घड्याळाला पाहिलं नाही." मग वर बोटीकडे तोंड करून म्हणाल्या, "अहो, दिसली! मला वासरूपण दिसलं!"

बोटीवर टाळ्या झाल्या. यजमान रडत होते. त्या क्षणी मी बोट वळवून निघाले असते, तरी कदाचित निभावलं असतं.

पण एकजण म्हणाला, "ताई, आम्ही पण?" मी म्हटलं, "दोघं-दोघं उतरा, आवाज करू नका." पहिले दोघं शहाण्यासारखे उतरले. नंतर दोनाचे चार झाले. कुणीतरी वासराच्या अगदी जवळ गेलं. आई वळली, वासराला पोटाखाली घेतलं आणि गवत सोडून खोल पाण्याकडे निघून गेली. सगळ्यांना तेही फार छान वाटलं.

व्हिडिओ काढू नका असं मी म्हटलं नव्हतं. सुचलंच नाही, असं म्हणायला बरं वाटतं. सुचलं होतं. पण सगळे इतके खूश होते की मला मोडता घालवेना.

परत येताना बोटीवर माझंच कौतुक चाललं होतं. काकू सगळ्यांना झाकणाबद्दल सांगत होत्या. धक्क्यावर उतरताना त्यांनी माझे दोन्ही हात धरले आणि चाचपून माझा चेहरा आपल्या डोळ्याच्या कडेला आणला. "तुम्हीपण दिसलात हं मला," म्हणाल्या.

बाबांना मी काही सांगितलं नाही. आचारीकाकांनीही नाही.

नऊ दिवसांनी खिडकीवर एक गिऱ्हाईक आलं. मी आत जॅकेटं वाळत घालत होते. "ती समुद्रगाय दाखवणारी बोट हीच ना?" असं विचारून त्यानं फोन बाबांपुढं धरला. फोनवर आमची पिवळी शिडी, आमची माणसं आणि मध्ये ती. बाबांनी चष्मा लावून तो व्हिडिओ पूर्ण पाहिला. "आम्ही तिकडं जात नाही," एवढंच बोलून त्याला वाटेला लावलं. मग माझ्याकडे न बघता विचारलं, "इंजिन बंद केलं होतंस?"

"हो."

"किती जण उतरले?"

"अकरा."

"अकरा," बाबा म्हणाले आणि दुसऱ्या दिवसाची तिकिटं फाडायला लागले. ओरडले असते तर बरं झालं असतं. मी काकूंचं सगळं सांगितलं, डोळ्यांचं, कासवाचं. त्यांनी शांतपणे ऐकलं. म्हणाले, "त्या बाईला दाखवलंस ते मी समजू शकतो. उरलेले दहा कशाला?"

महिन्याभरात धक्क्यावरच्या प्रत्येक बोटीच्या फलकावर समुद्रगायीचं चित्र लागलं. एका सकाळी मी खडकांमागे गेले तर तिथं सहा बोटी, इंजिनं चालू, नांगर गवतात टाकलेले. माझ्या ओळखीचा, माझ्याच वयाचा एक बोटवाला होता. मी ओरडले, "अरे, वासरू आहे तिच्याबरोबर! जरा तरी काही वाटू दे!"

तो शांतपणे म्हणाला, "ताई, तू केलंस ते पुण्य आणि आम्ही करतो ते पाप, असं कसं?"

मी बोट वळवून परत आले. तिथं बोटींना बंदी घाला म्हणून अर्ज केले. बंदराच्या कार्यालयात चार खेपा घातल्या. तिथल्या साहेबांनी व्हिडिओ पाहून विचारलं, "ही शिडी कुणाची?" त्यानंतर मी गेले नाही.

त्या वर्षाच्या शेवटी ती मला एकदा दिसली. एकटीच होती. पाठीवर बोटीच्या पंख्याच्या पात्यांचे तीन तिरपे वण. वासरू कुठंच नव्हतं. ते मेलं की दुसरीकडे गेलं, मला माहीत नाही. एवढ्या लहान वयात वासरं आईला सोडून जात नाहीत, हे माहीत आहे. मी गॉगल लावून खाली उतरले. गवताच्या जागी वाळूचे पट्टे, नांगरांनी ओढलेले, शेत वेडंवाकडं नांगरून ठेवावं तसे. त्यानंतर ती कुणालाच दिसली नाही. हळूहळू फलकांवरची चित्रंही पुसली गेली. आता बाकीचे बोटवाले कुठल्यातरी गुहेला नेतात.

पूर्वी संध्याकाळी बोट लागली की बाबा विचारायचे, "आज काय दिसलं?" आता विचारतात, "डिझेल पुरेल ना उद्याला?" आमचं बोलणं बंद नाही. सगळं नीट चालतं. त्यांच्या गुडघ्यांना मी रोज तेल लावते. पण तो एक प्रश्न गेला तो गेलाच.

काकूंचे फोन मात्र येत राहिले. वर्षातून एकदा, त्याच तारखेला. नजर पूर्ण गेली होती, आवाज तसाच खणखणीत. "कशी आहे हो ती? वासरू मोठं झालं असेल?" पहिल्या वर्षी माझ्या तोंडून निघून गेलं, "झालं की, चांगलं मोठं झालंय." दुसऱ्या वर्षी खोटं थोडं वाढवावं लागलं. फोन ठेवल्यावर मी बराच वेळ मागच्या पायरीवर जाऊन बसायचे. काकू म्हणायच्या की झोप आली नाही तर त्या समुद्रगायीचे श्वास मोजतात. त्यांना खरं कोणत्या तोंडानं सांगणार? आणि खोटं किती वर्षं पुरवणार?

यंदा ठरवलं होतं की सांगून टाकायचं. वाक्यंसुद्धा मनात जुळवून ठेवली होती. फोन आला तेव्हा मी धक्क्यावर दोर बांधत होते. खोलीतला फोन बाबांनी उचलला. मी धावत दारापर्यंत आले. पलीकडून काकू काय विचारत असतील ते मला पाठ होतं. बाबांनी माझ्याकडे पाहिलं, मग खिडकीबाहेर पाहिलं.

"हो, हो, मीच तिचा बाप," ते म्हणाले. "गाय ना? छान आहे. कालच पाहिली आमच्या पोरीनं. वासरू आता आईएवढं झालंय. वेगळं चरतं."

माझ्या बापानं समुद्राबद्दल कधी खोटं सांगितलेलं मी ऐकलं नव्हतं. वारा, भरती, मासे, कशाबद्दलच नाही. गिऱ्हाईक जात असलं तरी नाही.

त्यांनी फोन ठेवला. तिकिटाचं पुस्तक उघडलं, मिटलं. "म्हाताऱ्या माणसाला काय सांगणार," ते म्हणाले, जणू स्वतः म्हातारे नव्हतेच.

"बाबा, मी आज सांगणार होते."

"कशाला?" त्यांनी विचारलं. "तुझं ओझं कमी व्हावं म्हणून?"

मी दारात उभी राहिले. बाहेर आचारीकाका हाक मारत होते, माणसं आली होती, सकाळचे सव्वासात झाले होते. बाबांनी भिंतीवरची जॅकेटं मोजून माझ्या हातात दिली. बारा होती. मी ती घेऊन बोटीकडे गेले.