मापांच्या वहीची साक्ष

मित्रांनो, माझ्या पुठ्ठ्यावर टेबलाच्या पायाचा चौकोनी वळ उमटला आहे आणि पहिल्या पानावर न्यायालयाचा निळा शिक्का आहे. एका साध्या दोनशे पानी वहीच्या नशिबी हे दोन्ही कसे आले, ते सांगते.

घरी शिवणकाम करणाऱ्या एका बाईंनी मला दुकानातून आणले, तेव्हा मी कोरी होते; त्यांनी मला मापांची वही केले. गळ्यात टेप, कानामागे पेन्सिल, ओठांत दोन टाचण्या; त्यामुळे त्या बोलत कमी आणि लिहीत जास्त. गिऱ्हाइकांची खरी नावे मात्र त्यांनी माझ्यात कधीच लिहिली नाहीत. ‘घाईवाल्या काकू’, ‘खिसे हवेतच’, ‘एक खांदा उतरता’ अशा त्यांच्या नोंदी असत. नाव विसरते, माणूस विसरत नाही, असे त्या म्हणत. एका पानावर ‘पोट आत घेणारे सर’ होते. माप देताना ते श्वास रोखून धरत. बाई गंभीर चेहऱ्याने कंबर छत्तीस लिहीत आणि शेजारी बारीक अक्षरात ‘अधिक दोन’. पँट अचूक बसते म्हणून सर बाईंचे कौतुक करत. त्या कौतुकात माझाही वाटा होता, असे मी आजही मानते.

पाच वर्षांनी एका दुपारी बाई बटणे आणायला गेल्या. रस्त्याच्या कडेने चालत असताना भरधाव ट्रकने त्यांना उडवले. त्या परत आल्या नाहीत. माझ्यात ‘बाही’ हा शब्द लिहिलेला होता. पुढचा आकडा राहूनच गेला.

घर सुन्न झाले. बाईंचे यजमान कारखान्यात लेथवर काम करतात. डुगडुगणाऱ्या टेबलाखाली सरकवायला एक दिवस त्यांनी हाताला लागेल ते उचलले. ती मी होते. मी त्यांना दोष देत नाही. त्या दिवसांत त्यांना डोळे असून काही दिसत नव्हते.

भरपाईचा दावा चालवणाऱ्या वकीलबाई एकदा त्याच टेबलाशी येऊन बसल्या.

“दादा, पोलिसांच्या कागदावर ‘पत्नीचा व्यवसाय: काही नाही’ असं आहे. हे कुणी सांगितलं?”

“मीच. बायको काय करायची, असं विचारलं त्यांनी. मी म्हटलं, काही नाही, घरीच असायची. सगळे म्हणतात तसं.”

त्यांची बहीण, म्हणजे बाईंच्या मुलीची आत्या, उसळलीच. “अस्सं? मग तुझ्या अंगावरचा हा शर्ट कुणी शिवला रे? काही-नाहीने?”

दादांनी मान खाली घातली आणि शर्टाची कॉलर चाचपली.

वकीलबाई म्हणाल्या, “घरकामालाही न्यायालय मोल देतं. पण शिवणकाम सिद्ध झालं नाही, तर भरपाई फार कमी होईल.” मुलीला नर्सिंगला प्रवेश मिळाला होता. तिचे शिक्षण आता त्या भरपाईवरच अवलंबून होते.

मग पुरावा म्हणून माझा शोध सुरू झाला. कपाटे, पेट्या, माळा, सारे पालथे घातले. दमलेली मुलगी टेबलावर हात टेकून उभी राहिली आणि एकदम थबकली.

“बाबा, हे टेबल डुगडुगत का नाही?”

अशी मी उजेडात आले.

न्यायालयात ट्रकच्या विमा कंपनीच्या वकिलांनी मला दोन बोटांनी उचलले. “यात एक तरी खरं नाव आहे का? ‘पोट आत घेणारे सर’! ही वही नाही, गंमत आहे.”

न्यायाधीशांनी विचारले, “हे सर कोण?”

मुलीने ते पान आधीच ओळखले होते. तिच्या जुन्या शाळेचे मुख्याध्यापक साक्षीदाराच्या जागी येऊन ताठ उभे राहिले. कान लाल झाले होते, पण आवाज खणखणीत होता. “मीच तो, साहेब. अंगावरची पँट त्यांच्याच हातची आहे. कंबर छत्तीस.”

“वहीत ‘अधिक दोन’ही लिहिलंय,” वकीलबाई म्हणाल्या.

त्यांनी तिथेच माप घेण्याची परवानगी मागितली आणि ती मिळाली. आत्याने पर्समधून बाईंची टेप काढली. सरांनी सवयीने पोट आत घेतले. छत्तीस भरले.

“सर,” न्यायाधीश शांतपणे म्हणाले, “श्वास सोडा.”

अडतीस! सारे हसले, सर सर्वांत जास्त. मग त्यांनी चष्मा पुसला. “पाच वर्षं त्यांनी माझी लाज राखली. आज मी एवढंही करू नये?” त्यांच्यामागून घाईवाल्या काकू उठल्या. “माझंही घ्या बाई लवकर, मला जायचंय.” उतरता खांदाही उभा राहिला.

भरपाई मंजूर झाली. निकालात लिहिले होते, ‘मृत स्त्रीचा व्यवसाय: शिवणकाम.’ दादांनी मुलीकडून ते वाक्य दोनदा वाचून घेतले. मुलगी आता नर्सिंगच्या दुसऱ्या वर्षाला आहे.

मित्रांनो, माझे एवढेच मागणे आहे. घरातल्या कुणाविषयी ‘काही करत नाही’ असे तोंडावर आले, तर आधी आपल्या अंगावर, ताटात आणि अंथरुणात त्यांच्या हातचे काय आहे ते पाहा. आणि त्या हातांचे अक्षर ज्या वहीत असेल, ती जपा.

मी आता शिवणयंत्राच्या खणात असते. टेबल पुन्हा डुगडुगते. परवा आत्याने त्याखाली घालायला पुठ्ठा आणला, तर दादा म्हणाले, “राहू दे. डुगडुगू दे.”