हळद्या आणि उघडा तळहात

हळद्या म्हणजे वंदनाचा पिवळा कॉकाटील पोपट, डोक्यावर तुरा आणि अंगात नखरे. आणला तेव्हा माणसाचा हात दिसला की किंचाळायचा. वंदनानं त्याला कधी धरलं नाही, दटावलं नाही. तळहात उघडा ठेवायचा, हळद्या येऊन बसला की ज्वारीचा दाणा द्यायचा आणि वर लाडाचं एक "शाब्बास". धाड गावातल्या त्या घरात तिनं सगळ्यांनाच हे करायला लावलं. सासरे उकंडराव आधी हसले, "पाखराची शाळा उघडली काय व?" मग स्वतःच खिशात दाणे ठेवू लागले. कुणाचाही उघडा हात म्हणजे खाऊ, हे हळद्याला पक्कं ठाऊक झालं.

त्या सकाळी उकंडराव अंगणात पेरणीच्या ज्वारीला औषध चोळत होते. हातमोजे घालतील तर ते उकंडराव कसले! ताडपत्रीवर लालभडक, विषारी दाणे पसरले होते. बियाण्याला औषध नीट लागलं का, हे पाहायला त्यांनी पसाभर दाणे उजेडात धरले. पिंजऱ्याचं दार उघडं राहिलेलं. हळद्या भुर्रकन आला आणि त्यांच्या मनगटावर बसला.

वंदना दारात आली ती तिथंच थबकली. ओरडावं तर तो घाबरून ताडपत्रीवरच उतरणार. न ओरडावं तर दाणा पोटात.

"मामाजी, हालू नोका," ती कुजबुजली. "मूठ झाका. हळूच."

उकंडरावांनी मूठ झाकली, पण बोटंही लालच होती. हळद्यानं बोटांच्या फटीकडे मान वाकवली.

वंदनानं आपला रिकामा हात पुढे केला. शीळ घालायला गेली तर ओठ कोरडे, नुसती हवा निघाली. दुसऱ्यांदा शीळ वाजली. हळद्यानं वर पाहिलं, घुटमळला आणि उडून तिच्या तळहातावर आला. दाणा शोधू लागला. तिनं गपकन मूठ आवळली.

तो जिवाच्या आकांतानं किंचाळला, चावला, रक्त काढलं. तिनं सोडलं नाही. नळाखाली त्याची चोच, पाय धुतले. त्याची छाती धडधडत होती आणि तिची त्याहून जास्त.

"खाल्लं तं नाही ना त्यानं?" हात खसाखसा घासत उकंडराव पुन्हापुन्हा विचारत होते.

तिला काय ठाऊक! फोनवर गुरांचे डॉक्टर म्हणाले, लक्ष ठेवा. दिवसभर ती पिंजऱ्यापुढून हलली नाही. हळद्यानं डोळा मिटला की तिचा जीव खालीवर व्हायचा. संध्याकाळी त्यानं वाटीतले दाणे टिपले, पाणी प्यायला, तेव्हा ती ढसाढसा रडली.

मग डोळे पुसून तिनं दाणा ठेवलेला हात आत घातला. हळद्या मागच्या दांडीवर सरकला. तुरा ताठ, नजर तिच्या बोटांवर.

"विष माह्या हातात होतं," उकंडराव हळहळले. "तुले काऊन भेते तो?"

वंदनानं दाणा आत ठेवला आणि हात मागे घेतला.

"भेऊ द्या, मामाजी. भ्याले जिता तं हाये."