सदऱ्यातली पुरचुंडी

माझी बायको बेहिजे दर वसंतात रेशीमकिड्यांची अंडी मलमलच्या पुरचुंडीत बांधून छातीशी ठेवायची. अंगाच्या उबेनं ती फुटायची. मी उभा जन्म बुर्सा शहराच्या रेशीमकोशांच्या बाजारात काढला. कोश कानाशी हलवून आतला किडा पुरता वाळला की नाही ते सांगायचो. जिवंत किडा कधी पाळला नाही. ते तिचं काम.

लोकांनी मला आमच्या गावाचा नगराध्यक्ष केलं तेव्हा ती म्हणाली, "आता तुम्ही गाव पाळा, मी किडे पाळते. बघू कोणाचे जगतात."

हिवाळ्यात ती गेली. अंडी तळघरात राहिली. तुतीला पालवी आली तशी मेहुणी सादेत म्हणाली, "द्या इकडे. पुरुषाचं काम आहे का ते?" दिली नाहीत. माझ्याच सदऱ्यात बांधली. तेव्हापासून धड झोप नाही. कुशीवर वळलो तर चिरडतील.

त्या दिवशी सभेत स्टेशनरस्त्याचा ठराव होता. रस्ता रुंद करायला कडेच्या तुती तोडायच्या. निवडणुकीत वचन मीच दिलेलं. आणि बेहिजे पानं आणायची ती याच झाडांची. मतं सारखी पडली. निकाल माझ्या मतावर आला. मी उठलो, बसलो, खिडकीशी गेलो, परत आलो. चहा गार झाला.

तोडणीच्या बाजूचा सदस्य रिफ्की वैतागला. "रेईस बे, अध्यक्षसाहेब, खुर्चीला खिळे आहेत का? असले तर मी बसतो!"

सगळे हसले. तेवढ्यात छातीवर वळवळलं. मी भराभर बटणं सोडली.

"अरे, डॉक्टरला बोलवा!" कोणीतरी ओरडलं.

मी पुरचुंडी टेबलावर उघडली. केसाएवढे काळे किडे हलत होते.

"माझं मत आज विचारू नका," मी म्हणालो. "आज मी झाडं वाचवीन, पण गावासाठी नाही. यांना पानं लागतील म्हणून."

रिफ्की वाकून बघत राहिला. मग कारकुनावर खेकसला, "आधी ती खिडकी लाव! गारठून मरतील. आणि लिही, तोडणी कोश उतरल्यावर." माझ्याकडे न बघता म्हणाला, "आमच्या आईच्या गळ्यातही अशी पुरचुंडी असायची. मांडीवर घ्यायची नाही आम्हाला त्या दिवसांत."

आम्ही दोघंच रस्त्यावर गेलो. त्यानं फांदी वाकवून धरली. "जून पानं काय तोडताय? शेंड्याची घ्या, शेंड्याची! आयुष्यभर कोश पारखलेत ना?"

घरी पानं बारीक चिरली, तबकात पसरली. किड्यांना आवाज सोसत नाही, म्हणून जोडे दाराबाहेर काढले. तरी बसवत नाही. या खोलीतून त्या खोलीत हिंडतो. कोश उतरले की तोडणीच्या कागदावर सही मलाच करायची आहे.

बेहिजे म्हणायची, किडे मोठे झाले की त्यांच्या खाण्याचा आवाज येतो. अजून येत नाही. मी पुन्हा पुन्हा तबकाशी कान नेतो.